ग्रंथकर्त्याचे नाव आणि सत्यधर्म

दुसऱ्याचे लेखन आपल्या नावावर खपविणाऱ्यास वाङ्मयचोर म्हणतात, व त्याविषयी कोणाचे दुमत नसते. परंतु याच्या अगदी उलट वागणाऱ्यास, म्हणजे स्वतः रचलेला ग्रंथ दुसऱ्याच्या पदरात टाकणाऱ्यास, काय म्हणावे? तो दाता की असत्यवादी? प्रश्न वरवर गमतीचा वाटला, तरी आमच्या मते तो धर्माचा प्रश्न आहे.

पुण्याच्या डेक्कन कॉलेजात १८९२ पासून १९१९ पर्यंत इतिहास शिकविणारे फ्रान्सिस विल्यम बेन (१८६३–१९४०) हे याचे उत्तम उदाहरण होय. धारवाडात १९१७ साली कर्नाटक कॉलेज निघेपर्यंत आमच्या भागातील मुलांना वरच्या शिक्षणासाठी पुण्या-मुंबईस जावे लागे. जमखंडीचे रामचंद्र दत्तात्रेय रानडे, ज्यांना पुढे लोक गुरुदेव म्हणू लागले, तेही बेन यांच्या कारकिर्दीतच या कॉलेजात शिकले. स्वीडनच्या क्रिस्टिना राणीचे चरित्र लिहिणाऱ्या या विक्षिप्त इतिहासकाराने शतकाच्या अगदी अखेरीस 'अ डिजिट ऑफ द मून', म्हणजे चंद्राची एक कला, या नावाची कथा प्रसिद्ध केली. जो आपणास निरुत्तर करील त्यालाच वरीन, असा राजकन्येचा पण. आणि राजाचा मित्र रसकोश रोज एक गोष्ट सांगून तिला कोडे घालतो. वेताळपंचविशी ऐकलेल्या वाचकास हे वळण लगेच ओळखू येईल. बेन यांनी मात्र प्रस्तावनेत सांगितले की, हे संस्कृत पोथीचे भाषांतर असून ती पोथी आपणास एका वृद्ध ब्राह्मणाकडून लाभली. पुढे अशीच आणखी पुस्तके निघाली. पोथी मात्र पुढे आली नाही. या कथा बेन यांच्याच, असे आता अभ्यासक मानतात.

यात एवढे काय बिघडले, असे कोणी विचारील. तो काळच लघुकथेच्या बहराचा होता. १८९१ पासून 'स्ट्रँड' मासिकात शेरलॉक होम्सच्या कथा येऊ लागल्या, त्या डॉक्टर वॉटसनच्या तोंडून. इकडे हरि नारायण आपटे यांनी १८९० साली 'करमणूक' काढून मराठी गोष्टीस घर मिळवून दिले. कथेत कोणाच्याही तोंडून बोलण्याची लेखकास मुभा असतेच. हे खरे, पण वॉटसन हे सोंग आहे, हे वाचकास ठाऊक असते, व तो राजीखुशीने त्या खेळात सामील होतो. बेन यांचे सोंग कथेच्या उंबऱ्याबाहेर, प्रस्तावनेत, उभे आहे. तेथे वाचक खेळत नसतो, विश्वासत असतो. परदेशातील वाचकाने त्या पानांवरून हिंदूंच्या मनाविषयी आपले मत बनविले असेल, तर ते एका इंग्रजाच्या कल्पनेवर बनले. आणि त्या वृद्ध ब्राह्मणाच्या पदरी न केलेली साक्ष आली. कागदपत्रांची पारख करावयास शिकविणाऱ्या इतिहासाच्या अध्यापकाने हे करावे, हे विशेष.

परंतु बेन यांच्याकडे बोट दाखविताना उरलेली बोटे कोणाकडे वळतात, हेही पाहिले पाहिजे. आमचे पूर्वज गोमंतकात कसे आले, परशुरामाने दशगोत्री ब्राह्मण कोठे वसविले, हे ज्या सह्याद्रिखंडात आम्ही वाचतो, ते स्कंदपुराणाचा भाग म्हणून सांगितले जाते. मूळचे आरपोऱ्याचे डॉक्टर जर्सन द कुन्हा यांनी १८७७ साली ते मुंबईत छापून प्रसिद्ध केले. निरनिराळ्या काळी निरनिराळ्या हातांनी त्यात भर घातली, असे विद्वानांचे म्हणणे आहे. त्या अनाम हातांना आम्ही खोटे म्हणत नाही. कीर्ती सोडून आपले शब्द परंपरेच्या ओघात मिसळून देणे, हा एक त्यागच होय. देवळाची पायरी बांधून तीवर नाव न कोरणाऱ्या भाविकासारखा तो त्याग आहे.

पण त्याच ग्रंथात काही ज्ञातींची निंदाही आढळते. तेथे आमचे मन अडखळते. स्वतःच्या नावाने जी निंदा करण्याचे धैर्य नसते, ती स्कंदाच्या नावाने केली, की पुढच्या पिढ्या तिला शास्त्र समजून उगाळीत बसतात. नाव सोडणे व नाव उसने घेणे, या दोन भिन्न गोष्टी आहेत. पहिलीत लेखक आपला मान सोडतो. दुसरीत तो दुसऱ्याचा अधिकार वापरतो, आणि त्याचे परिणाम भोगावयास स्वतः हजर राहत नाही. बेन यांनी दोन्ही एकदमच केले, म्हणून त्यांना सरळ दाता म्हणवत नाही व सरळ लबाडही म्हणवत नाही.

तेव्हा आमची कसोटी साधी आहे. या नावामुळे ऐकणारा जे मानील वा करील, ते खरे नाव कळल्यावरही मानील काय? त्यावाचून कोणास बाध येईल काय? आजही देवस्थानांची माहात्म्ये नव्याने लिहिली व छापली जातात. ती लिहिणाऱ्याने आपले नाव व साल स्वच्छ घालावे, ऐकीव ते ऐकीव म्हणावे, आणि पुराणातले ते पुराणातले. यामुळे देवाचे माहात्म्य तिळमात्र उणे होणार नाही, आणि उद्या आमच्या नातवंडांना आमच्या शब्दांवर विसंबता येईल.