प्रश्न विचारणारी श्रद्धा



‘देवाच्या बाबतीत डोके चालवायचे नसते, नुसता विश्वास ठेवायचा असतो,’ हे वाक्य पुष्कळ घरांत ऐकू येते. धर्मशिक्षणाच्या वर्गातला मुलगा विचारतो, देव एक आहे तर पिता, पुत्र आणि पवित्र आत्मा असे तीन कसे? बारावीतली मुलगी विचारते, विश्व महास्फोटातून झाले असे आम्ही शिकलो, मग देवाने काय केले? उत्तर सुचत नाही, म्हणून मुलांना गप्प बसवले जाते. ती गप्प बसतातही. पुढे शिकायला लातूरला, पुण्याला जातात आणि हळूहळू रविवारच्या मिस्सेला येईनाशी होतात. मग आपण म्हणतो, शहराने त्यांची श्रद्धा घालवली. पण प्रश्न घरात विचारला गेला होता आणि घरातच दाबला गेला होता, हे आपल्या लक्षात येत नाही.

बुद्धीने प्रश्न विचारणे हा श्रद्धेचा अपमान आहे काय? या बाबतीत ख्रिस्तसभेला एक थोर गुरू लाभले आहेत. त्यांचे नाव संत अन्सेल्म. त्यांचा जन्म १०३३ साली इटलीतील आओस्ता येथे झाला. फ्रान्समधील नॉर्मंडी प्रांतात बेक नावाचा मठ होता. तेथे ते १०६० साली संन्यासी झाले आणि पुढे मठाधिपती झाले. १०९३ साली त्यांना इंग्लंडमध्ये कँटरबरीचे आर्चबिशप करण्यात आले. २१ एप्रिल ११०९ रोजी ते प्रभूघरी गेले आणि त्याच दिवशी आपण त्यांचा सण पाळतो.

बेकच्या मठातील बंधूंनी अन्सेल्मकडे एक वेगळीच मागणी केली. देवाविषयी आम्हांला समजावून सांगा, पण ‘पवित्र शास्त्रात लिहिले आहे म्हणून’ असे म्हणू नका, केवळ विचाराच्या बळावर सांगा. दिवसातून अनेक वेळा स्तोत्रे गाणाऱ्या संन्याशांची ही मागणी होती! अन्सेल्मने त्यांना दटावले नाही. त्यांच्यासाठी त्यांनी ‘मोनोलॉगियन’ हा ग्रंथ लिहिला. त्यानंतर १०७७-७८ च्या सुमारास दुसरा ग्रंथ लिहिला, ‘प्रोस्लॉगियन’. त्याला आधी त्यांनी जे नाव दिले होते, त्याचा अर्थ ‘समज शोधणारी श्रद्धा’ असा होतो.

या नावातील क्रम पाहण्यासारखा आहे. आधी सगळे समजू दे, मग विश्वास ठेवीन, असे अन्सेल्म म्हणत नाहीत. श्रद्धा आधी आहे, पण ती डोळे मिटून बसत नाही. तान्हे बाळ आईला ओळखण्याआधीच तिच्या कुशीत विसावते. मोठे झाल्यावर मात्र ज्या मुलाचे आईवर खरे प्रेम असते, त्याला तिच्याविषयी जाणून घ्यावेसे वाटते. तिने काय सोसले, तिला काय आवडते, हे तो विचारतो. जो कधीच काही विचारत नाही, त्याचे प्रेम कुठेतरी कमी पडते. देवाच्या बाबतीतही असेच आहे.

‘प्रोस्लॉगियन’मध्ये अन्सेल्मने देवाच्या अस्तित्वाचा एक प्रसिद्ध युक्तिवाद मांडला. देव म्हणजे ज्याच्याहून थोर असे काही कल्पिताच येत नाही तो. असा देव केवळ आपल्या मनात असता, तर मनात आणि प्रत्यक्षातही असणारा त्याच्याहून थोर ठरला असता. म्हणून तो प्रत्यक्षात असलाच पाहिजे. चौदाव्या स्तोत्रात ‘देव नाही’ असे मनाशी म्हणणारा जो मूर्ख येतो, त्याला हे उत्तर होते.

गॉनिलो नावाच्या दुसऱ्या मठातील एका संन्याशाला हे पटले नाही. त्याने चक्क त्या मूर्खाची बाजू घेऊन आक्षेप लिहिला. त्याने समुद्रातील एका सर्वोत्तम बेटाचे उदाहरण दिले. आपण आपल्या भागातले उदाहरण घेऊ. कधीही न आटणारी, सर्वांत उत्तम विहीर आपण मनात कल्पिली, म्हणून ती आपल्या शिवारात आहे असे होत नाही. बीड जिल्ह्यात मे महिन्यात टँकरची वाट पाहणाऱ्याला हे वेगळे सांगायला नको.

अन्सेल्मने उत्तर दिले की, हा युक्तिवाद बेटाला लागू पडत नाही. बेट असेल किंवा नसेल, पण ज्याच्याहून थोर काही कल्पिताच येत नाही तो नसू शकत नाही. हे उत्तर पुरेसे आहे की नाही, यावर तत्त्वज्ञ आजही वाद घालतात. संत थॉमस अक्विनास यांनाही अन्सेल्मचा हा युक्तिवाद मान्य नव्हता. दोघेही संत आहेत आणि दोघांनाही ख्रिस्तसभेने आचार्य मानले आहे. पण आम्हांला सर्वांत मोठी वाटते ती अन्सेल्मची पुढची कृती. यापुढे माझ्या ग्रंथाच्या प्रती करताना गॉनिलोचा आक्षेप आणि माझे उत्तर ही दोन्ही सोबत जोडावीत, असे त्यांनी सांगितले. म्हणून त्या आक्षेपाला आजही त्यांच्या ग्रंथात जागा आहे. ज्याची श्रद्धा पक्की असते, त्याला विरोधी प्रश्नाची भीती वाटत नाही.

ही रीत आपल्या मातीलाही परकी नाही. आपल्याच जिल्ह्यात अंबाजोगाईला आद्यकवी मुकुंदराजांची समाधी आहे. परंपरेनुसार त्यांचा ‘विवेकसिंधू’ ११८८ सालचा, म्हणजे अन्सेल्मनंतर ऐंशीएक वर्षांनी झालेला. त्यांची शिकवण ख्रिस्ती नव्हे, पण तेथेही शिष्य विचारतो आणि गुरू समजावून सांगतो. ग्रंथाच्या नावातच विवेक आहे. पुढे १६१६ साली गोव्यात फादर थॉमस स्टीफन्स यांचे ‘ख्रिस्तपुराण’ छापले गेले. त्यातही श्रोते शंका विचारतात आणि पाद्री उत्तरे देतात. मराठीत प्रभूची कथा ओव्यांतून आली, तीही श्रोत्यांच्या शंकांना सोबत घेऊन.

अर्थात सगळे प्रश्न सारखे नसतात. लूकच्या शुभवर्तमानाच्या पहिल्या अध्यायात जखऱ्याने देवदूताला विचारले आणि पवित्र मरियेनेही विचारले. जखऱ्याला विश्वास ठेवण्याआधी खूण हवी होती, म्हणून तो मुका झाला. मरियेला फक्त हे कसे होईल ते समजून घ्यायचे होते. तिला उत्तर मिळाले आणि तिने होकार दिला. आपण कोणत्या मनाने विचारतो, हे ज्याने त्याने तपासावे. पण जखऱ्यालाही देवाने टाकून दिले नाही. त्याची वाचा परत आली, ती देवाची स्तुती करतच.

बुद्धी बाजूला ठेवल्याने श्रद्धा वाढत नाही, उलट धोका होतो. क्षयरोगाचा रुग्ण थोडे बरे वाटताच ‘प्रार्थनेने गुण आला’ म्हणून गोळ्या बंद करतो. काही महिन्यांत आजार उलटतो आणि मग औषधेही नीट लागू पडत नाहीत. याला श्रद्धा म्हणता येणार नाही. देवाची परीक्षा पाहू नये, हे प्रभू येशूने अरण्यात सैतानाला सांगितले आहे. बेन सिराच्या ग्रंथाच्या ३८ व्या अध्यायात वैद्याचा मान राखायला सांगितले आहे, कारण औषधेही देवानेच निर्माण केली आहेत. प्रार्थना जरूर करा आणि गोळ्याही पूर्ण घ्या.

बुद्धीलाही मर्यादा आहे, हे आपण जाणतोच. हाताशी आलेले पीक गारपिटीने जाते, ऊसतोडीला गेलेल्या घरात तरणा मुलगा दगावतो. ‘देवा, असे का?’ या प्रश्नाला कोणताही युक्तिवाद पुरत नाही. अन्सेल्मनेही आपल्या ग्रंथाच्या आरंभी देव शोधूनही दिसत नाही म्हणून आक्रोश केला आहे. पण तो आक्रोश त्यांनी देवापुढेच केला. तो सगळा ग्रंथच प्रार्थना आहे. उत्तर नसले तरी प्रश्न देवाकडे नेता येतो. अशा घरी जाऊन ‘देवाची इच्छा’ म्हणून मोकळे होण्यापेक्षा शेजारी बसून राहणे बरे.

अन्सेल्मचा शिष्य इडमर याने एक आठवण लिहून ठेवली आहे. एका मठाधिपतीने तक्रार केली की, मठातील मुलांना रात्रंदिवस मारूनही ती बिघडतच चालली आहेत. अन्सेल्म म्हणाले, रोप लावून ते चहूबाजूंनी आवळून टाकले, तर पुढे त्याचे झाड कसे होईल? फांद्या वाकड्यातिकड्याच होतील ना!

म्हणून आईबापांना आमची विनंती आहे. मुलाने देवाविषयी प्रश्न विचारला तर रागावू नका. उत्तर येत नसेल तर ‘मला ठाऊक नाही, आपण दोघे मिळून विचारू’ असे सांगा आणि त्याला घेऊन मिस्सेनंतर आमच्याकडे या. महास्फोटाचा विचार ज्यांनी पहिल्यांदा मांडला ते जॉर्ज लमेत्र हे एक कॅथलिक धर्मगुरूच होते, हे त्या बारावीतल्या मुलीला तेव्हा सांगता येईल. आणि तरुणांनो, शहरात गेलात तरी तुमचे प्रश्न घेऊन परत या. प्रभूने संशयी थोमाला दारातून परत पाठवले नाही, त्याच्यापुढे आपल्या जखमा धरल्या.

हे प्रभो, तू आम्हांला श्रद्धा दिलीस आणि बुद्धीही दिलीस. दोहोंनी तुला शोधण्याची कृपा आम्हांला दे. आमेन.