मोहिनी आणि तिची आई

माझ्या लहानपणी परंदवडीत जत्रेच्या रात्री नाटक व्हायचं. सीता असो की द्रौपदी, ती करायचा गावातलाच एखादा गडी. दुपारी तो दाढी घोटून घ्यायचा आणि त्याची वहिनी त्याला लुगडं नेसवायची. निऱ्या कशा काढायच्या, पदर खांद्यावर कसा ठरवायचा, पावलं किती टाकायची हे सगळं तीच शिकवायची. एवढं करून रात्री ती मांडवात बायकांच्या घोळक्यात बसायची. मंचावर तो. तिला कुणी ‘तूच का करत नाहीस’ असं विचारल्याचं मला आठवत नाही.

पुढे बेगडेवाडीहून लोकल पकडून पुण्याला जायचं, लॉ कॉलेज रस्त्यावरच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाच्या आसपास रेंगाळायचं, जुनं काही मिळेल ते पाहायचं, असा नाद लागला. ‘राजा हरिश्चंद्र’ची जी फीत आज उपलब्ध आहे, तिच्यात तारामती सख्यांसह हौदात जलक्रीडा करते. ओली लुगडी अंगाला चिकटलेली आणि आत सगळे पुरुष. रंगमंचावर दिव्यांचा उजेड, अंतर आणि गाणं यांच्या आडोशाने पुरुषाची बाई खपून जाई. कॅमेरा तो आडोसा काढून घेतो. हा चित्रपट काढणाऱ्या दादासाहेब फाळक्यांना हे कळत नव्हतं असं नाही. त्यांनी बायका शोधल्या, पण एकही तयार होईना, कलावंतिणींच्या वस्तीतसुद्धा नकारच मिळाला. शेवटी ग्रँट रोडच्या एका हॉटेलात काम करणारे अण्णा साळुंके तारामती झाले.

‘राजा हरिश्चंद्र’ आला त्याच १९१३ साली फाळक्यांचाच ‘मोहिनी भस्मासुर’ आला. पार्वती झाल्या दुर्गाबाई कामत आणि मोहिनी झाली त्यांची मुलगी कमला, वय अवघं तेरा. ही कमला म्हणजे पुढच्या कमलाबाई गोखले. स्पर्धा परीक्षेच्या पुस्तकात दोघींवर मिळून ‘भारतीय पडद्यावरच्या पहिल्या अभिनेत्री’ अशी एक ओळ असते. आपण ती पाठ करतो आणि पान उलटतो. मला या ‘पहिली’ शब्दाचाच राग येतो. मान दिल्यासारखं करून तो बाईचं बाकीचं आयुष्य पुसून टाकतो.

दुर्गाबाई नवऱ्यापासून वेगळ्या झालेल्या, पदरात मूल. त्या काळी अशा बाईपुढे रस्ते किती? कुणाच्या घरी धुणीभांडी, नाही तर कुणाच्या उपकारावर जगणं. त्यांनी नाटक कंपनी धरली आणि समाजाने त्यांना वाळीत टाकलं. म्हणजे घर आधीच सुटलं होतं, अब्रू लोकांनी आधीच काढून घेतली होती. म्हणून फाळक्यांकडे जायला या बाईला आणखी काही गमवायचं उरलं नव्हतं. पडद्यावरची पहिली पार्वती बंड म्हणून आलेली नाही, ती पोटासाठी आली. मला यात तिचं काहीच कमी झालेलं दिसत नाही. बंड करणाऱ्याला परतीचं घर असतं, हिला तेही नव्हतं.

कमलाबाईंचं तसंच. किर्लोस्कर नाटक मंडळीतले नट रघुनाथराव गोखले यांच्याशी लग्न झालं, पण ऐन पंचविशीच्या आसपास वैधव्य आलं. तीन मुलगे. त्या थांबल्या नाहीत, थांबणं परवडणारंच नव्हतं. नाटकांत कामं केली, गरज पडली तेव्हा पुरुषांच्या भूमिकाही केल्या. जिथे कालपर्यंत पुरुष बाई होत होता तिथे आता विधवा बाई पुरुष होऊन संसार ओढत होती. मुलांपैकी लालजी आणि सूर्यकांत तबल्यात गेले, चंद्रकांत अभिनयात, आणि चंद्रकांतांचे चिरंजीव विक्रम गोखले. आपण विक्रम गोखल्यांची ‘अभिनयाची परंपरा’ कौतुकाने सांगतो, तेव्हा तिची सुरुवात सहसा वडिलांपासून करतो. ती पणजीपासून करायला हवी.

कमलाबाई नव्वदीच्या उंबरठ्यावर असताना रीना मोहन यांनी त्यांच्यावर ‘कमलाबाई’ नावाचा माहितीपट केला. ज्या बाईला पडद्यावर सुरुवातीला आवाजच नव्हता, मूकपटच होता तो, तिला कुणी तरी समोर बसून बोलू दिलं हे फार मोठं काम झालं. आपल्या गावागावांत अशा किती म्हाताऱ्या असतील, कलापथकातल्या, तमाशातल्या, कंपनीतल्या. या दिवाळीत घरी कुणी असेल तर फराळ आटोपल्यावर तिच्याजवळ बसा. मोबाइलवर बोलणं टिपून घ्या. मी परंदवडीतल्या त्या वहिनीजवळ बसलो नाही, आता ती नाही.

कमलाबाईही आता नाहीत. सुमारे ३५ चित्रपट त्यांच्या नावावर आहेत. त्यांतला शेवटचा ‘गहराई’, १९८० चा. म्हणजे मोहिनीपासून ६७ वर्षं. तारामतीच्या वेळी कॅमेऱ्यासमोर यायला बाई मिळत नव्हती. ‘गहराई’च्या दोन दिग्दर्शकांपैकी एक बाई होती, पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये शिकलेली अरुणा राजे.