संग्रहालयातील नमस्कार

गेल्या मार्गशीर्षात घरच्या एका कार्यानिमित्त आम्हांस बडोद्यास जाण्याचा योग आला. सोबत आमच्या आत्याबाई होत्या. त्यांचे वय पंच्याहत्तरीच्या पुढचे, माहेर व सासर दोन्ही फोंडे महालातले, आणि मंगेशीच्या सोमवारच्या पालखीचा नेम शक्यतो चुकवावयाचा नाही हा बाणा. कार्य आटोपून एक दिवस मोकळा मिळाला. शहर पाहावयाचे तर जाणत्याच्या संगतीने पाहावे, अशा हौसेने आम्ही एक खाजगी वाटाड्या ठरविला. गृहस्थ तरुण, कलेचे रीतसर शिक्षण घेतलेला, बोलण्यात चतुर आणि मर्यादशील. सकाळी सयाजीबागेतील, म्हणजे जुन्या लोकांच्या कमाटीबागेतील, संग्रहालय. दुपारी राजवाड्याच्या आवारातील चित्रे. उन्हे उतरल्यावर जुन्या शहरातून पायी फेरी, असा बेत त्याने आखून दिला. बिदागी आधीच ठरली होती.

पैसे देऊन दुसऱ्याची दृष्टी भाड्याने घ्यावी काय, असा आक्षेप काही रसिक घेतात. आम्हांस तो फारसा पटत नाही. काशीस गेलो तर पंडा लागतो, त्र्यंबकेश्वरास गेलो तर क्षेत्रोपाध्याय लागतो, आणि त्यांची दक्षिणा आपण निमूटपणे देतो. अंतर आहे ते निराळ्याच ठिकाणी. क्षेत्रोपाध्याय प्रथम आपले गोत्र विचारतो, आजा-पणजांची नावे वहीत शोधतो, आणि मग त्या क्षेत्राशी आपले नाते जोडून देतो. संग्रहालयातला वाटाड्या आपले गोत्र विचारीत नाही. त्याच्या हकीकतीत राजा असतो, शिल्पी असतो, शतक असते, दगडाची जात असते. ऐकणारा मात्र नसतो. कोणीही ऐकले तरी चालावे, हाच तर त्या विद्येचा गुण आहे.

हे संग्रहालय तिसऱ्या सयाजीराव महाराजांनी १८९४ साली प्रजेच्या शिक्षणासाठी उभारले. शेजारच्या चित्रशाळेचे बांधकाम १९१४ पर्यंत झाले, पण युरोपात महायुद्ध पेटल्यामुळे चित्रे येण्यास विलंब लागला आणि ती १९२१ साली खुली झाली. तेथे देवमाशाचा प्रचंड सांगाडा आहे, युरोपीय चित्रकारांची चित्रे आहेत, आणि एक इजिप्तमधील ममीही आहे. ममीपुढे वाटाड्याने मसाले, पट्ट्या, पेट्या ह्यांविषयी बरेच मनोरंजक सांगितले. आत्याबाईंनी सगळे ऐकून घेतले आणि हळूच विचारले, "ह्या जिवाचे दिवस कोणी केलेच नाहीत का रे?" वाटाड्या हसला. आम्हीही हसलो. त्या हसण्याचे आम्हांस पुढे फार वाईट वाटले. कारण प्रश्न बिनतोड होता. त्या देहाचे अंत्यविधी त्याच्या माणसांनी यथासांग केले होते, आणि कोणी तो देह पाहू नये ह्यासाठीच ते केले होते.

पुढे शामळाजीहून आणलेल्या प्राचीन मूर्ती लागल्या. पाचव्या-सहाव्या शतकांच्या आसपासची ही शिल्पे. दगड निळसर-हिरवट, काम इतके मऊ की दगडाचा विसर पडावा. त्यांत मातृकांच्या मूर्ती आहेत. वाटाड्या वस्त्रांच्या चुण्या आणि उभे राहण्याची ढब ह्यांवरून गुप्तकालीन शैली व स्थानिक शैली ह्यांतला भेद समजावून देत होता, आणि खरोखर सुरेख समजावून देत होता. इतक्यात आमचे लक्ष गेले तो आत्याबाईंच्या वहाणा भिंतीशी काढून ठेवलेल्या, आणि त्या एका मातृकेपुढे डोळे मिटून, हात जोडून उभ्या. वाटाड्या वाक्य अर्धे सोडून थांबला. आणखी चार-दोन प्रेक्षक होते, तेही पाहू लागले. आमच्या तोंडून शब्द निघून गेले, "आत्या, हे देऊळ नव्हे. वहाणा घाला."

त्यांनी डोळे उघडले, आमच्याकडे पाहिले, आणि राग न धरता म्हणाल्या, "देव खंयूय आसूं, देव तो देव." मग वहाणा घातल्या.

आमचा प्रश्न येथून सुरू होतो. चूक कोणाची? आत्याबाईंची की आमची?

वकिली पेशा म्हणजे दोन्ही बाजू मांडून पाहण्याची खोड. प्रथम आमची बाजू मांडतो. मूर्ती देव होते ती प्राणप्रतिष्ठेने. पूजा खंडली, मूर्ती स्थानावरून ढळली की तिच्यातले देवपण टिकत नाही, असे मानणारे शास्त्रज्ञ आपल्यात पुष्कळ आहेत. लांब कशाला जा? मुंज असो वा लग्न, पुण्याहवाचनात आपण मातृकापूजन करतो. तांदळाच्या राशीवर सुपाऱ्या मांडतो, त्यांवर मातृकांचे आवाहन करतो, गंधफूल वाहतो. आणि कार्य संपले की अक्षता टाकून, पुन्हा येण्याची विनंती करून त्यांस निरोप देतो. निरोपानंतर ती सुपारी सुपारीच असते. भटजी ती झोळीत टाकतात आणि त्यात कोणास पाप दिसत नाही. आवाहन आणि विसर्जन ह्या दोन टोकांमध्येच देवाचे वास्तव्य, हा विचार मोठा धीट आहे आणि तो आपलाच आहे. ह्या न्यायाने शामळाजीची मातृका आज शिळा आहे, उत्तम घडविलेली शिळा. आणि तिला नमस्कार करणे हा केवळ भाबडेपणा.

युक्तिवाद बरा आहे. तरीही आमच्याच पेशातली एक हकीकत त्याच्या आड येते.

तमिळनाडूतील पाथूर गावी १९७६ साली एका मजुरास जमीन खणताना धातूचा नटराज सापडला. तो हातोहात विकला जाऊन परदेशी पोहोचला, आणि १९८२ साली एका कॅनेडियन कंपनीने तो विकत घेतला. दुरुस्तीसाठी तो लंडनच्या ब्रिटिश म्युझियममध्ये असताना पोलिसांनी ताब्यात घेतला आणि दावा उभा राहिला. कंपनीचे म्हणणे, आम्ही रोख पैसे मोजून वस्तू घेतली. समोरच्या दावेदारांत भारत सरकार होते, तमिळनाडू राज्य होते, आणि ज्या पडक्या देवळाची ती मूर्ती होती ते देऊळही होते. देवळात शतकानुशतके पूजा नव्हती, भिंती ढासळल्या होत्या. तरी तेथल्या शिवलिंगाच्या नावाने दावा चालला. खालच्या न्यायालयाने १९८८ मध्ये आणि अपील न्यायालयाने १९९१ मध्ये देवळाचा हक्क मान्य केला, व नटराज स्वदेशी परतला. पडक्या देवळातला देव स्वतःची वस्तू परत मागू शकतो, हे लंडनच्या न्यायासनाने, त्यांच्या कायद्यात देवास अशी जागा नसतानाही, ऐकून घेतले. आपल्याकडे तर हे तत्त्व जुनेच आहे. १९२५ साली प्रिव्ही कौन्सिलने एका कलकत्त्याच्या घराण्यातील वादात सांगितले की, कुलदेवतेची मूर्ती ही घरातल्या इतर चीजवस्तूंसारखी जिन्नस नव्हे. तिच्या स्थानाविषयी तिची स्वतःची इच्छा विचारात घेतली पाहिजे, आणि ती मांडण्यासाठी तिच्या वतीने कोणी असले पाहिजे. मूर्ती भंगली म्हणून देवस्थानाचा अंत होत नाही, हाही आमच्या न्यायालयांचा स्थिर झालेला सिद्धान्त.

म्हणजे गंमत पाहा. कोर्टात उभे राहून 'देव आहे, त्याला हक्क आहे, त्याची इच्छा आहे' असे आम्ही निःशंक म्हणू. आणि संग्रहालयात एका वृद्धेने त्याच देवाला हात जोडले तर तिला वहाणा घालावयास सांगू!

पाथूरच्या नटराजाची हकीकत येथेच संपत नाही. परत आल्यावर सुरक्षिततेसाठी त्यास तिरुवारूर येथील मूर्तिरक्षणगृहात ठेवण्यात आले. दावा देवाने जिंकला आणि देव कुलपात गेला. चोरांची भीती खरी आहे, त्यामुळे कोणास बोल लावता येत नाही. परंतु ह्यावरून एक गोष्ट आम्हांस कळून चुकली: मूर्तीस हक्क मिळवून देणे आणि तिच्यापुढे उभे राहणे ही दोन वेगळी कामे आहेत, आणि दुसरे काम न्यायालय करू शकत नाही.

गोव्याच्या वाचकांस हे अधिक सांगणे नको. सोळाव्या शतकात कुशस्थळीहून मंगेश आणि केळशीहून शांतादुर्गा झुआरी ओलांडून अंत्रुजात गेली, तेव्हा जुनी स्थाने सुटली, आणि नव्या स्थानी आरंभी झावळ्यांचा आसरा असेल-नसेल. त्या प्रवासात, होडीत, देव देव होता की शिळा? कोणीही कुलावी हा प्रश्न विचारला नाही. बरोबर हात जोडणारी माणसे होती, एवढे पुरे झाले. माणसे मागे राहिली असती आणि मूर्ती एकटीच कोणा परक्याच्या हाती गेली असती, तर आज तीही कुठल्या तरी दालनात चिठ्ठी लावून उभी असती. आणि आमच्या आत्याबाईंसारखी कोणी तिच्यापुढे थांबली असती तर तिच्या भाच्याने तिला काय सांगितले असते?

दुपारी राजवाड्याच्या आवारातील महाराजा फत्तेसिंह संग्रहालयात राजा रविवर्म्याची चित्रे पाहिली. येथे प्रवास उलट दिशेचा आहे. ही चित्रे महाराजांच्या भिंतींसाठी काढली गेली. पुढे १८९४ साली रविवर्म्याने मुंबईत छापखाना काढला आणि देवदेवतांच्या तसबिरी घरोघर पोहोचल्या. जे शोभेसाठी होते ते देव्हाऱ्यात गेले, त्यास हळदकुंकू लागले. प्राणप्रतिष्ठा कोणी केली? कोणीच नाही. कोनाड्यात ठेवून रोज निरांजन ओवाळणाऱ्या बायकांनी ती नकळत केली असावी. आत्याबाईंनी मात्र येथे हात जोडले नाहीत. कौतुकाने पाहात म्हणाल्या, "रंग किती ताजे राहिलेत!" आम्ही चकित झालो. आम्ही त्यांस भाबड्या समजत होतो. त्यांच्या ठायी विवेक होता, आणि त्याचा नियम आम्हांस ठाऊक नव्हता. विचारले तेव्हा म्हणाल्या, "हिची काळजी घेणारे पुष्कळ आहेत. ती सकाळची एकटी होती."

वाटाड्याविषयी आमची काही तक्रार नाही. त्याने सांगितले नसते तर त्या मूर्तीच्या चुण्यांकडे आमचे लक्षही गेले नसते, आणि ज्या शिल्प्याने त्या कोरल्या त्याच्या श्रमांची बूज राखणे हीही एक पूजाच आहे. दोष असलाच तर तो आमचा. कारण 'हे देऊळ नव्हे' असे म्हणताना शास्त्र, प्राणप्रतिष्ठा, विसर्जन ह्यांतले काहीही आमच्या मनात नव्हते. मनात एवढेच होते की हा शिकलेला तरुण आपल्याविषयी काय म्हणेल. वरचा सारा युक्तिवाद आम्ही रात्री रचला.

संध्याकाळी रावपुऱ्यातील तांबेकर वाड्याची भिंतीचित्रे पाहून, सुरसागराच्या काठाने, लहरीपुरा दरवाजातून आम्ही मांडवीपर्यंत चालत गेलो. चारही दरवाजांचे रस्ते त्या चौकात मिळतात. जवळच विठ्ठलनाथाचे मंदिर आहे. कार्तिकातल्या प्रबोधिनीला देवाचा वरघोडा तेथून निघतो. वाटाड्या बाहेर उभा राहून वाड्यांच्या लाकडी कोरीव कामाविषयी बोलू लागला. आत्याबाई केव्हाच आत गेल्या होत्या. ह्या वेळी आम्ही त्याची क्षमा मागितली, वहाणा काढल्या आणि त्यांच्या मागोमाग गेलो. परत आलो तो तोही उंबऱ्याशी अनवाणी उभा होता. काही बोलला नाही, आम्हीही विचारले नाही.

फेरीचा शेवट लहरीपुऱ्याबाहेर न्यायमंदिरापाशी झाला. १८९६ सालची ही भव्य वास्तू. पिढ्यान्‌पिढ्या येथे जिल्हा न्यायालय भरत असे, ते २०१८ साली नव्या इमारतीत गेले. वाटाड्या कमानी आणि मनोरे दाखवीत होता. न्यायासन उठून गेलेले, पक्षकार नाहीत, पुकारा नाही. आम्ही रस्त्याच्या कडेने दाराकडे पाहात होतो आणि वीस वर्षांच्या सवयीने आमची मान किंचित लवली, जशी कोर्टात पाऊल टाकताना लवते.

आत्याबाईंच्या ते ध्यानात आले. "आत कोण बसलंय रे?" त्यांनी विचारले.