अनसूयेच्या दारात

मार्गशीर्ष पौर्णिमेला पाळणा हलवताना आपण अनसूयामातेचं नाव घेतो. असूया म्हणजे दुसऱ्याच्या गुणातही दोष काढणं. ती जिच्या ठायी नाही, ती अनसूया.

गुरुचरित्राच्या चौथ्या अध्यायात तिच्या पातिव्रत्याचं भय इंद्रादी देवांना वाटतं. कीर्तनकार मात्र नारदाला लक्ष्मी, पार्वती, सावित्री यांच्याकडे पाठवतात, आणि आम्हा बायकांच्या ध्यानात राहते ती हीच कथा. काय कमी होतं हो तिघींना? पण दुसरीची वाखाणणी सोसवली नाही. स्वतः काही केलं नाही, नवऱ्यांना पुढं केलं.

मी पेटी पुढं केली.

साताऱ्यातलं आमचं भजनी मंडळ दर गुरुवारी मी सांभाळते, अगदी सतरंज्या झटकण्यापासून. माझी मैत्रीण मुलाकडे सांगलीला गेली. ती जयंतीला येते, एक पाळणा म्हणते आणि बाकीच्या वर्षभर तिच्याच आवाजाचं कौतुक करतात. सत्तरीनंतर तिचा आवाज काळी दोनच्या वर जात नाही, हे मला पक्कं ठाऊक. गेल्या जयंतीला मी काळी चार धरली. वर चढताना तिचा आवाज फाटला. "वय झालं आता," मागून कुणी कुजबुजलं. मला बरं वाटलं. दत्तमहाराजांसमोर, पाळणा हलत असताना, बरं वाटलं!

रात्री डोळ्याला डोळा लागेना. तिघी देवी नवरे मागायला आश्रमाच्या दारात आल्या, तेव्हा सारं अनसूयेच्या हाती होतं. तिन्ही देव बाळं होऊन पाळण्यात. चार शब्द ऐकवायला केवढी संधी! तिनं तीर्थ शिंपडलं आणि जिचा तिला परत दिला. कीर्तनात हा भाग घाईनं उरकतात; आरतीची वेळ झालेली असते ना!

दुसऱ्या दिवशी तिला सांगलीला पोहोचवायला निघाले. वाटेत औदुंबरला उतरलो. पादुकांचं दर्शन झालं, कृष्णेच्या घाटावर बसलो, तेव्हा सांगून टाकलं.

"दुसऱ्या ओळीलाच कळलं होतं," ती म्हणाली.

"मग थांबली का नाहीस गं?"

"पाळणा काय तुझा होता, मध्येच थांबवायला?"

सांगली येईपर्यंत पुढं काही बोलली नाही.

यंदा ती येणार आहे. पेटीवर दुसरी कुणी बसव, असं फोनवर म्हणाली. मी बसवलीय. मी टाळ धरणार आहे.