सापडलेल्या वस्तूचा मालक

रस्त्यात सापडलेल्या वस्तूला फिक्हमध्ये 'लुकता' म्हणतात. उचलणाऱ्याने ती अमानत म्हणून सांभाळायची, वर्षभर मालकाचा शोध घ्यायचा. मात्र जिची कुणी चौकशीही करणार नाही, अशा क्षुल्लक वस्तूला ही अट नाही. फुटकी बांगडी शोधत कोण येणार?

नेकचंद सैनी यांनी अशा फुटक्या बांगड्यांचेच पुतळे केले. फाळणीत गाव सुटलेले हे गृहस्थ चंदीगडला बांधकाम खात्यात रस्त्यांवर देखरेख करीत. १९५०च्या दशकाच्या अखेरीस सुखना तलावाजवळच्या सरकारी जंगलात त्यांनी नोकरीची वेळ संपल्यावर एकट्याने हे काम सुरू केले. कपबश्यांच्या ठिकऱ्या, फुटक्या फरश्या, नाल्यातले दगड सायकलवरून आणायचे आणि त्यांतून माणसे, पशुपक्षी घडवायचे. सुमारे १८ वर्षे सरकारला पत्ता नव्हता! उघडकीस आले तेव्हा सगळे बेकायदा म्हणून पाडण्याचीच भाषा झाली. पण लोकांना ते आवडले. १९७६ मध्ये 'रॉक गार्डन' सर्वांना खुले झाले आणि सरकारने त्यांनाच पगार व मजूर देऊन काम पुढे चालवायला सांगितले. १९८४ मध्ये पद्मश्री मिळाली. २०१५ मध्ये ते वारले.

पुतळ्यांचे नाव निघताच आपल्यातले काही जण इथेच थांबतील. तो वाद जुना आहे, आज त्यात शिरत नाही. जमिनीचा प्रश्नही मला फारसा छळत नाही. सरकारी जागा बळकावून स्वतःचे बंगले उठवणारे आपण पाहतोच. या माणसाने तिथे स्वतःसाठी काही बांधले नाही.

छळतो तो ढिगाऱ्याचा प्रश्न. चंदीगड वसवताना वीसहून अधिक गावे उठवली गेली. त्या घरांचे अवशेषही या शिल्पांत आहेत. ते 'टाकलेले' होते काय? मालक हरवला नव्हता, त्याला हलवले होते. त्याचा शोध घ्यायला वर्षही लागले नसते. स्वतः उखडले गेलेल्या नेकचंदांना हे कळत असणार. कदाचित म्हणूनच त्यांच्याने ते तुकडे मातीत जाऊ देववले नसतील.

सोलापूरकराला हे दूरचे वाटू नये. इथल्या गिरण्या एकामागून एक बंद पडल्या, यंत्रे भंगारात वजनावर गेली. त्या लोखंडातून उद्या कुणी सुंदर शिल्प घडवले आणि एखादा म्हातारा विणकर त्यापुढे थबकून म्हणाला, "अरे, हा तर माझा साचा," तर? त्याला पैसे नको असतील. खाली लावलेल्या पाटीवर तो कुणाचे नाव शोधेल?