वेळ बदलली, नेम राहो



भिवंडीहून कामणकडे जाणाऱ्या वाटेवर आमचे खारबाव. एके काळी आषाढ लागला की या बाजूला भातलावणीखेरीज दुसरी गोष्ट नसे. आता भिवंडीच्या आसपास कित्येक शेतांवर गोदामे उभी राहिली. वसई-दिवा लोहमार्गावर गावचे स्टेशन आहे. पोरे पाळीपाळीने कामाला जातात. म्हातारी माणसे म्हणतात, "जुने गेले, धर्म बुडाला!" पोरे म्हणतात, "तुमचे जुने तुम्हालाच लखलाभ!"

सज्जनहो, जुने ते सगळेच सोने, असे संतांनी कधी मानले नाही. ज्ञानोबामाउलींनी १२९० साली गीतेचा अर्थ मराठीत सांगितला, तेव्हा ती नवीच गोष्ट होती. आज तीच आपली परंपरा. उलट, अस्पृश्य मानलेल्या बांधवांना पंढरीच्या देवळात मज्जाव, ही रूढी जुनी होती. ती मोडावी म्हणून १९४७ साली साने गुरुजींना प्राण पणाला लावावे लागले. नवे ते सगळे चांगले, असेही नाही. जमीन विकून आलेला पैसा हळदीच्या एका रात्रीत डीजेच्या दणक्यात उडवायचा, यात कसली आली प्रगती?

मग पारख कशी करावी? आमच्याच घरचे सांगतो. आमच्याकडे दिवेलागणीला हरिपाठ. नातवाची पाळी दुपारची, तो यायचा मध्यरात्री. एकदा आम्ही त्याला टाकून बोललो, "टाळ विसरलास रे!" पोरगा खाली मान घालून निघून गेला. त्या रात्री पाणी प्यायला उठलो, तर हा ओटीवर अंधारात बसून हळू आवाजात हरिपाठ म्हणतो आहे. टाळ मांडीवर तसेच. म्हणाला, "आजोबा, तुमची झोप मोडेल म्हणून वाजवले नाहीत."

आम्ही काय बोलणार? आमचा हरिपाठ वेळेवर होत होता खरा, पण डोळा समोरच्या टीव्हीवर. वेळ त्याची चुकली होती. नेम आमचा मोडला होता.

तेव्हां मायबापहो, भांडण जुन्या-नव्याचे नाही. ज्याने नाम जिभेवर राहते आणि माणूस माणसाला धरून राहतो, ते जुने असो की नवे, आपले. घरची सारी माणसे जमतील ती हरिपाठाची वेळ ठरवा. आमच्या घरी आता सुटीच्या दिवशी सगळे एकत्र बसतात, टीव्ही बंद असतो, आणि टाळ नातवाच्या हाती असतात.

पुंडलिक वरदा हरि विठ्ठल!