नांवाचे मालक

एखादी वस्तु आपली आहे असें आपण केव्हां म्हणतों? प्रश्न इतका सोपा वाटतो कीं, तो विचारणाराचेंच हंसूं व्हावें. पैसे मोजले, पावती घेतली, वस्तु घरीं आणली, म्हणजे ती आपली झाली. परंतु आमच्या जुन्या शास्त्रकारांनीं हा प्रश्न इतक्या स्वस्तांत सोडलेला नाहीं. विज्ञानेश्वरानें मिताक्षरेंत दायविभागाच्या आरंभींच, स्वत्व हें केवळ शास्त्रावरून कळणारें आहे कीं लोकव्यवहारावरून, याचा मोठा खल करून तें लौकिकच होय असा निर्णय दिला आहे. नैयायिकांनीं पुढें त्या स्वत्वाचें स्वरूप काय, हा वाद चालविला. ‘यथेष्टविनियोगयोग्यता’, म्हणजे आपल्या इच्छेस येईल तसा वस्तूचा उपयोग करण्याची पात्रता, ही त्या वादांतील एक प्रसिद्ध व्याख्या. रघुनाथ शिरोमणीस तीहि पुरेशी वाटली नाहीं व त्यानें स्वत्व हा एक स्वतंत्र पदार्थच मानला. रोमन कायद्याच्या अभ्यासकांनीं मालकाच्या हक्काचे तीन भाग केले : वस्तु वापरण्याचा, तिचें उत्पन्न घेण्याचा आणि वाटल्यास ती मोडून टाकण्याचा.

हा सगळा काथ्याकूट आज आठवण्याचें निमित्त क्षुल्लक आहे. तें निमित्त म्हणजे प्रत्येकाच्या खिशांतला मोबाइल फोन. हजारों रुपये देऊन घेतलेल्या या वस्तूंतून नको असलेलें एखादें ॲप काढून टाकूं म्हटलें, तर पुष्कळदां तें काढतां येत नाहीं. अशा स्थितींत हा फोन आपला म्हणावा काय, आणि आपला नसेल तर कोणाचा, याचा थोडा विचार येथें करावयाचा आहे.

प्रथम वस्तुस्थिति पाहूं. नवा अँड्रॉइड फोन पेटींतून बाहेर काढावा, तों त्यांत बरीच मंडळी आधींच मुक्काम ठोकून बसलेली आढळते. कांहीं ॲप्स प्रणाली रचणाऱ्या गूगलचीं, कांहीं फोन घडविणाऱ्या कारखानदाराचीं, कांहीं त्या कारखानदारास पैसे देऊन जागा मिळविणाऱ्या तिसऱ्याच व्यापाऱ्यांचीं. आणि फोन जर सिमच्या कंपनीमार्फत विकला गेला असेल तर तिचींहि. शिवाय सिम कार्डांतच त्या कंपनीची एक लहानशी सेवायादी कोरलेली असते. साध्या फोनच्या काळापासून ती मधूनच पडद्यावर चौकट उभी करी. क्रिकेटचा धावफलक, राशिभविष्य, विनोद, गाणीं यांचें आमिष दाखवी, आणि घाईंत भलतें बटन दाबलें गेलें कीं केव्हां केव्हां खात्यांतून पैसे जात. अशा तक्रारी इतक्या माजल्या कीं, २०११ सालीं व पुन्हां २०१३ सालीं दूरसंचार नियामक प्राधिकरणास, कोणतीहि जादा सेवा सुरू करण्यापूर्वीं ग्राहकाचा होकार दोनदां घेतला पाहिजे, असें कंपन्यांस फर्मावावें लागलें. होकार दोनदां घ्या असें सांगण्याची पाळी आली, याचा अर्थ पहिला होकार खरा नव्हता, हें उघडच आहे.

हीं ॲप्स काढतां कां येत नाहींत? आपण स्वतः उतरवून घेतलेलें ॲप फोनच्या ज्या भागांत राहतें, तो भाग आपल्या ताब्यांतला असतो. आधींच बसविलेलीं ॲप्स मात्र बहुधा प्रणालीच्या राखीव भागांत असतात. तेथें जें आहे तें फोनला वाचतां येतें, पण मालकास त्यांत फेरफार करतां येत नाहीं. २०११ सालीं आलेल्या अँड्रॉइडच्या चौथ्या आवृत्तीपासून अशीं ॲप्स निष्क्रिय करण्याची सोय झाली. सेटिंग्जमध्यें ॲप्सची यादी उघडून नको त्या नांवावर बोट ठेवावें, आणि ‘बंद करा’ किंवा ‘अक्षम करा’ असा पर्याय दिसल्यास तो दाबावा. मग तें ॲप चालत नाहीं, सूचना पाठवीत नाहीं, पडद्यावरहि दिसत नाहीं. परंतु तें जात नाहीं. राखीव भागांतील त्याची मूळ प्रत तेथेंच राहते, व फोन मूळ स्थितीवर आणला कीं तें पुन्हां उठून उभें राहतें. कित्येक ॲप्सच्या बाबतींत तो पर्याय नुसताच फिकट अक्षरांत दिसतो. दाबला तरी दबत नाहीं. जाणकार लोक फोन संगणकास जोडून, आज्ञा लिहून, असें ॲप दूर करतात. पण तेंहि आपल्या खात्यापुरतेंच. घरांतल्या भाडेकऱ्यास माळ्यावर कोंडतां यावें पण दाराबाहेर काढतां येऊं नये, आणि त्याचें भाडें तर घर बांधणाऱ्यानें आधींच खिशांत घातलेलें असावें, तसा हा प्रकार आहे.

वऱ्हाडांतल्या माणसास तरी ही मालकी अपरिचित वाटूं नये. १८५३ सालच्या तहानें निजामानें हैदराबाद कंटिंजंट फौजेच्या खर्चासाठीं वऱ्हाड इंग्रजांच्या हवालीं केलें. प्रांत निजामाचा, पण कारभार, वसुली, न्यायनिवाडा सर्व कांहीं इंग्रजांचें. १९०२ सालीं लॉर्ड कर्झननें हीच व्यवस्था सालीना पंचवीस लाख रुपयांच्या कायमच्या पट्ट्यानें पक्की केली, आणि पुढल्याच वर्षीं प्रांत मध्यप्रांतास जोडला गेला. तरीहि स्वामित्व निजामाचेंच, असें कागदोपत्रीं म्हटलें जाई. १९३६ च्या करारानें त्याच्या युवराजास ‘प्रिन्स ऑफ बेरार’ ही पदवीहि मिळाली. दिग्रस, दारव्हा, पुसद हा सगळा मुलूख त्याच कागदांतला. ज्यास आपल्या प्रांतांत एक पटवारीहि नेमतां येत नाहीं त्यास प्रांताचा स्वामी म्हणणें, ही शब्दांची थट्टा होती. हातांतल्या फोनचे आपण असेच नांवाचे मालक आहों. फरक इतकाच कीं, निजामास सालीना पंचवीस लाख तरी मिळत. आपण पदरचे पैसे भरून ही पदवी घेतों. आणि त्या सगळ्या देवघेवींत खुद्द वऱ्हाडच्या रयतेस कोणीं विचारलें नाहीं, ही गोष्टहि लक्षांत ठेवण्यासारखी आहे. तिच्याकडे पुढें वळूं.

येथें प्रतिपक्षाचें म्हणणें नीट ऐकून घेतलें पाहिजे. तो म्हणतो : फोन तुम्हांला इतका स्वस्त कां मिळाला? ज्यांनीं आपलीं ॲप्स त्यांत बसविलीं त्यांनीं किंमतीचा कांहीं भाग उचलला म्हणून. स्वस्ताई हवी आणि पाहुणा नको, हें कसें जमावें? हा आक्षेप पोकळ नाहीं. गरिबाच्या हातीं फोन येण्यास या स्वस्ताईचा हातभार लागला, हें मान्य केलें पाहिजे. परंतु सौदा म्हटला कीं दोन्ही बाजूंस त्याच्या अटी ठाऊक असाव्या लागतात. बाजार समितींत माल विकला तर हमाली किती, तोलाई किती, हें हिशोबपट्टींत वेगळें लिहिलेलें असतें. फोनच्या दुकानांत मात्र किती ॲप्स आधींच बसविलीं आहेत, त्यांनीं किती जागा व्यापली आहे व त्यांच्यामुळें किंमत किती उतरली, याची चिठी कोणी देत नाहीं. जो सौदा आम्हांस सांगितलाच नाहीं, तो आम्हीं मान्य केला असें कसें म्हणतां येईल? शिवाय पूर्ण किंमत मोजून घेतलेल्या महाग फोनांतहि न निघणारीं ॲप्स असतातच; तेथें हा युक्तिवाद लंगडा पडतो.

दुसरा आक्षेप असा कीं, नको असेल तर दुर्लक्ष करा. ॲप कांहीं चावत नाहीं. मनुष्यस्वभाव इतका बळकट असता तर हें ठीक होतें. एरिक जॉन्सन व डॅनियल गोल्डस्टीन या संशोधकांनीं २००३ सालीं मरणोत्तर अवयवदानाच्या संमतीची देशोदेशींची तुलना प्रसिद्ध केली. जर्मनींत दात्यानें आपण होऊन होकार नोंदवावा लागे. तेथें संमतीचें प्रमाण शेंकडा १२ होतें. शेजारच्या ऑस्ट्रियांत नकार नोंदविला नाहीं तर होकार धरला जाई. तेथें तें शेंकडा ९९.९८ होतें. भाषा एक, संस्कृति जवळची. दोन देशांच्या परोपकारबुद्धींत इतकें अंतर असणें संभवत नाहीं. अंतर होतें तें कोणता पर्याय आधीं मांडून ठेवला होता, यांत. व्यापाऱ्यास हें पक्कें ठाऊक आहे, म्हणून तर तो आधींच्या जागेसाठीं पैसे मोजतो. अवयवदानांत निदान नकाराचें दार उघडें असतें. येथें तेंहि बंद. जेथें नाहीं म्हणतां येत नाहीं, तेथें हो म्हणण्यासहि कांहीं मोल उरत नाहीं.

तिसरा पक्ष याहून वजनदार आहे. कारण तो लोकहिताचें नांव घेऊन येतो. २८ नोव्हेंबर २०२५ रोजीं केंद्र सरकारच्या दूरसंचार विभागानें फोन बनविणाऱ्या व आयात करणाऱ्या कंपन्यांस आज्ञा केली कीं, नव्वद दिवसांच्या आंत प्रत्येक नव्या फोनांत ‘संचार साथी’ हें सरकारी ॲप बसविलेलें असावें, आणि त्याचें कार्य बंद पाडतां येऊं नये. ॲपचा उद्देश चांगला होता : चोरीस गेलेला फोन निकामी करणें, फोनचा ओळखक्रमांक खरा कीं बनावट हें तपासणें, फसव्या निरोपांची तक्रार करणें. तरीहि देशभर विरोध झाला. ॲप काढून टाकतां येईल असा खुलासा मंत्र्यांनीं केला. आणि ३ डिसेंबर रोजीं सक्तीच मागें घेण्यांत आली. सर्वोच्च न्यायालयानें २४ ऑगस्ट २०१७ रोजीं पुट्टस्वामी खटल्यांत खासगीपणा हा मूलभूत हक्क ठरविला आहे, याची या वादांत आठवण होणें साहजिक होतें. आज जें ॲप चोर शोधतें, तें उद्यां काय शोधील, हें ठरविण्यांत फोन बाळगणाराचा हात उरत नाहीं. त्याच्या हातीं एकच गोष्ट असते, ती म्हणजे तें काढून टाकणें. हिताची गोष्ट लोकांस पटवून देण्यास वेळ लागतो. सक्ति तो वेळ वाचविते, पण त्याबरोबर विश्वासहि घालविते.

व्यापाराच्या बाजूसहि हाच झगडा झालेला आहे. भारतीय स्पर्धा आयोगानें २० ऑक्टोबर २०२२ रोजीं गूगलला १,३३७.७६ कोटी रुपये दंड केला, व इतर आज्ञांबरोबर, आधींच बसविलेलीं आपलीं ॲप्स काढण्यास ग्राहकास मज्जाव करूं नये, असेंहि बजावलें. २९ मार्च २०२३ रोजीं राष्ट्रीय कंपनी कायदा अपील न्यायाधिकरणानें दंड कायम ठेवला. पण रद्द केलेल्या आज्ञांत नेमकी ही होती. युरोपांत मात्र मार्च २०२४ पासून डिजिटल मार्केट्स ॲक्टनें बड्या कंपन्यांवर, प्रणाली चालण्यास अत्यावश्यक नसलेलें ॲप ग्राहकास सहज काढतां आलें पाहिजे, असें बंधन घातलें आहे. म्हणजे यंत्रास ही गोष्ट अशक्य नाहीं. ती करावयाची कीं नाहीं, एवढाच प्रश्न आहे.

आतां वऱ्हाडच्या रयतेकडे वळूं. ज्या घरीं महाविद्यालयांत जाणारा मुलगा किंवा मुलगी आहे, तेथें हे बहुतेक पाहुणे एका संध्याकाळीं माळ्यावर जातात, आणि सुटलों म्हणून आपण तो विषय सोडून देतों. माझ्या मतें नीतीचा प्रश्न येथेंच सुरू होतो. आमच्या दिग्रस तालुक्यांतला कपाशी व तूर पेरणारा शेतकरी घ्या. १५ ऑगस्ट २०२१ पासून राज्यांत ‘ई-पीक पाहणी’ सुरू झाली. तिच्याप्रमाणें शेतकऱ्यानें स्वतः बांधावर उभें राहून, फोननें पिकाचें छायाचित्र काढून, पिकाची नोंद करावयाची. खरिपाची मुदत पावसाळ्यांतली. अशा वेळीं स्वस्तांतल्या फोनची जागा भरलेली असावी, नवें ॲप उतरवितांना ‘जागा शिल्लक नाहीं’ असें उत्तर यावें, आणि जागा कशानें भरली म्हणून पाहावें तों त्यानें कधीं न उघडलेलीं व त्याला काढतां न येणारीं ॲप्स निघावीं, ही अडचण त्याची एकट्याची. बँकेचा खरा निरोप दहा जाहिरातींच्या खालीं दडून जातो, ही दुसरी. लबाडाचा निरोप आणि कंपनीची जाहिरात एकाच थाटांत येऊं लागल्यामुळें खरें-खोटें निवडण्याची संवयच मोडते, ही तिसरी आणि सर्वांत घातक. ज्याच्यापाशीं फुरसत, अक्षरज्ञान व इंग्रजी हीं सर्वांत कमी, त्याच्यावर हा भार सर्वांत जास्त पडतो. आणि ज्यांच्यापाशीं तो झुगारण्याचें ज्ञान आहे, ते स्वतःपुरता झुगारून गप्प बसतात.

कोणी म्हणेल, मग काय गांवोगांव लोकांचे फोन साफ करीत फिरावें? फिरण्यास हरकत नाहीं. राष्ट्रीय सेवा योजनेच्या विद्यार्थ्यांनीं शिबिरांतली एक दुपार या कामास दिली, तर ती वाया गेली असें कोणी म्हणणार नाहीं. परंतु तें उपकाराचें काम झालें. न्यायाची मागणी याहून सरळ आहे. फोनच्या पेटीवर आंतल्या ॲप्सची यादी व त्यांनीं व्यापलेली जागा ग्राहकाच्या भाषेंत छापलेली असावी. फोन चालण्यास जें लागत नाहीं, तें समूळ काढतां यावें. एकदां काढलेलें आपोआप परत येऊं नये. ही मागणी करण्याचें काम, ज्यांचा त्रास संपला आहे त्यांनींच केलें पाहिजे. कारण ज्यांस त्रास आहे, त्यांस तो कोठून होतो हें बहुधा कळत नाहीं, आणि फोन बिघडला एवढेंच ते म्हणतात.

शास्त्रकारांनीं स्वत्वाची चर्चा केली तेव्हां त्यांच्यापुढें भूमि, गाय, सोनें अशा वस्तु होत्या; विकल्यावर त्या जुन्या धन्याची चाकरी करीत नसत. विकल्यानंतरहि पहिल्या धन्याची चाकरी करीत राहणारी वस्तु आपल्या पिढीच्या हातीं आली आहे. तेव्हां विकत घेणें या शब्दाचा अर्थ पुन्हां ठरविणें भाग आहे. स्वत्व लौकिक आहे हा विज्ञानेश्वराचा निर्णय खरा असेल, तर तो अर्थ कंपन्यांच्या छापील अटींवरून ठरणार नाहीं. लोक आपल्या व्यवहारांत काय चालवून घेतात, त्यावरून ठरेल. आपण चालवून घेतलें, तर कांहीं वर्षांनीं या नांवाच्या मालकीसच लोक मालकी म्हणूं लागतील.